‘येतो’ म्हणून गेलेला शिपाई

आयुष्यात मी पुष्कळांना साहेब म्हटलं, पण दात-ओठ खाऊन साहेब म्हटलं ते एकाच माणसाला. तो इंग्रज होता, ऐंशीच्या घरात आलेला, आखातात, अमिरातीतल्या फुजैऱ्यात समुद्राकाठच्या एका बैठ्या बंगल्यात एकटा राहणारा. त्याला जाऊनही आता बरीच वर्षं झाली. गेलेल्या माणसाबद्दल वाईट बोललेलं माझ्या आईला खपायचं नाही. पण आई कधी फुजैऱ्याला आली नाही आणि त्या माणसासमोर तीन-तीन तास टायपिंग करत बसली नाही, त्यामुळे मी बोलणार आहे.

नव्वदीच्या उत्तरार्धातली गोष्ट. नवरा रुवैसला रिफायनरीत एका कॉन्ट्रॅक्टरकडे होता. पंधरा दिवस तिकडे, मग चार दिवस घरी. तिकडे फॅमिली क्वार्टर मिळेना आणि मला फुजैऱ्यात नोकरी मिळाली, म्हणून देशाच्या एका टोकाला तो आणि दुसऱ्या टोकाला मी आणि आमची मुलगी असा संसार चालला होता. माझं ऑफिस जहाजांना इंधन पुरवणाऱ्या कंपनीचं. हा इंग्रज आमचा सल्लागार होता. काय सल्ला द्यायचा ते कुणालाच ठाऊक नव्हतं, पण आठवड्यातून दोनदा यायचा आणि तो आला की मॅनेजरसकट सगळे खुर्चीतून उठायचे. त्यानं काम सोडलं आणि आत्मचरित्र लिहायला घेतलं, तेव्हा मॅनेजरनं मला केबिनमध्ये बोलावलं. तो मंगलोरचा होता.

“मॅडम, साहब को टायपिस्ट चाहिए. वीक में तीन दोपहर. गाडी आएगी. इज्जत का काम है.”

“मीच का?” मी विचारलं.

“आप मराठी हैं ना. साहब ने खास मराठी बोला.”

का ते पहिल्याच दिवशी कळलं. काठी टेकत, डावा पाय न वाकवता, तो दारापर्यंत आला आणि म्हणाला, “बाई, आपण कृपा करून आसनस्थ व्हावे.”

मला हसू फुटलं. मला वाटलं, म्हातारा गंमत करतोय. पण त्याचा चेहरा अगदी गंभीर होता. विसाव्या वर्षी तो मराठी शिपायांच्या पलटणीत अधिकारी म्हणून रुजू झाला होता आणि तेव्हाच्या नियमाप्रमाणे पलटणीची भाषा त्याला शिकावी लागली होती. बेळगावच्या छावणीत मुन्शी ठेवून, छापील पुस्तकावरून शिकला. परीक्षेत पहिला आला. त्या परीक्षेचं सर्टिफिकेट टेबलाच्या वर काचेत लावलेलं होतं, लग्नाचा फोटो लावावा तसं. पुढं महायुद्ध लागलं, लिबियाच्या वाळवंटात तो पकडला गेला, तीन वर्षं आधी इटलीत आणि मग जर्मनीत कैदेत काढली. सुटल्यावर आखातात आला, शेखांच्या फौजेला कवायत शिकवली आणि इथंच राहिला. बायको नव्हती, मुलं नव्हती. केरळचा एक वयस्कर स्वयंपाकी होता, तोच सगळं बघायचा.

आमचं बोलणं इंग्रजीतच चालायचं. त्याचं मराठी होतं ते माझ्या चुका काढण्यापुरतं. मी “फाईल सेव्ह केली” म्हटलं की तो बोट वर करायचा. “बाई, आपली मातृभाषा बिघडली आहे.” आठ वर्षं घरात नवऱ्याशी अर्धं इंग्रजी, ऑफिसात हिंदी, वाण्याच्या दुकानात “हबीबी, कितना हुआ” करून माझी भाषा बिघडलीच होती, ते मला कबूल आहे. पण ते मला त्यानं सांगावं? मी गप्प बसायचे. इज्जतीचं काम होतं ना.

एक मात्र सांगायला हवं, नाहीतर मी खोटारडी ठरेन. कैदेतली त्याची प्रकरणं टाइप करताना मी रडले होते. इटलीतल्या छावणीत एक पाव सातजणांत वाटायचे. जो कापायचा त्यानं शेवटचा तुकडा घ्यायचा, असा नियम, म्हणून कापणाऱ्याचा हात दोऱ्यानं मापल्यासारखा सरळ चालायचा. रात्री झोप येईना की माणसं एकमेकांना आईच्या हातच्या पदार्थांच्या कृती सांगायची, चव नाही, फक्त कृती, मीठ किती आणि आच कशी. यानं पिठलं सांगितलं होतं. शिपायांच्या चुलीवर खाल्लेलं. हे सगळं तो एकसुरी आवाजात सांगायचा, स्वतःची कीव न करता. त्या दिवसांत मला तो आवडायला लागला होता.

मग ते प्रकरण आलं.

त्यानं नाव दिलं होतं, ‘येतो म्हणाला तो माणूस’. त्याच्या हाताखाली एक शिपाई होता, त्याचा ऑर्डर्ली म्हणजे कायम हाताशी असणारा, साताऱ्याकडच्या कुठल्याशा खेड्यातला. तोफगोळ्यानं साहेबाचा गुडघा फुटला तेव्हा या शिपायानं त्याला पाठीवर घेऊन मैलभर नेलं. पुढं दोघंही पकडले गेले. वाळूत काटेरी तार ठोकून केलेल्या कुंपणात सगळ्यांना ठेवलं होतं. तिसऱ्या सकाळी जखमींना न्यायला लॉरी आली आणि त्याच वेळी शत्रूचे शिपाई हिंदी कैद्यांना वेगळं काढायला लागले. हा ऑर्डर्ली साहेबापाशी आला. आपली पाण्याची बाटली त्याच्या हाताशी ठेवली, सलाम केला, म्हणाला, “येतो साहेब,” आणि गेला.

साहेब वाट बघत राहिला. डॉक्टर लॉरीत चढा म्हणाला तर यानं नकार दिला. माझा माणूस येतो म्हणालाय, त्याच्याशिवाय मी जाणार नाही. लॉरी गेली. दुसरी आली ती पाच दिवसांनी. तोवर गुडघ्यात पू झाला होता आणि पाय जन्माचा लाकडासारखा झाला. शेवटी लिहिलं होतं, “तो आला नाही. त्या भाषेत दिलेल्या शब्दावर मी पुन्हा कधीही विश्वास ठेवला नाही.” आणि पुढच्या ओळीत, कोरडेपणानं, की सुटका झाल्यावर जबाब देताना त्यानं या शिपायाबद्दल लिहून दिलं, हा मला सोडून पळाला, बहुधा शत्रूला जाऊन मिळाला असावा.

माझी बोटं की-बोर्डवर थांबली.

“साहेब,” मी म्हटलं, “तो निरोप घेत होता.”

“कोण?”

“तुमचा शिपाई. ‘येतो’ म्हणजे आमच्यात निरोप. निघताना ‘जातो’ म्हणत नाहीत, अशुभ वाटतं. ‘येतो’ म्हणायचं, समोरच्यानं ‘या’ म्हणायचं, झालं. परत येण्याचा त्याच्याशी काही संबंध नसतो.”

त्यानं चष्मा काढला. “येतो. वर्तमानकाळ, प्रथम पुरुष, एकवचन. आय ॲम कमिंग.”

“पुस्तकात तसं असेल.”

“आणि खरोखर परत यायचं असेल, तर तुमचा माणूस काय म्हणतो?”

“आलोच म्हणतो.”

“आलो हा भूतकाळ आहे, बाई.”

“हो.”

“म्हणजे जो येणार नाही तो येतो म्हणतो, आणि जो अजून आलेला नाही तो आलो म्हणतो.” तो हसायला लागला. खोकला येईपर्यंत हसला. मग काठीनं भिंतीवरचं सर्टिफिकेट दाखवलं. “हे मला परीक्षेत विचारलं नव्हतं.”

“मग पुस्तकात तेच लिहा ना, की परीक्षेत विचारलं नव्हतं! त्या माणसाला पळपुटा कशाला लिहिता?”

तो हसायचा थांबला. चेहरा असा झाला, की माझी आणि त्याची जागा मला नीट कळावी. “बाई,” तो म्हणाला, “टाइप करा.”

आणि मी केलं. सगळं प्रकरण, पळाला या शब्दासकट. माझ्याच बोटांनी. त्या दिवसाबद्दल मला जेवढा त्याचा राग येतो तेवढाच स्वतःचाही येतो.

घरी आले तर नवऱ्याचा रुवैसहून फोन. मी सगळं एका दमात सांगितलं.

“अगं, पन्नास वर्षं जुनं मॅटर आहे,” तो म्हणाला. “तुला काय करायचंय? पुस्तक त्याचं, जॉब तुझा. खलास कर ना विषय.”

“तुला कुणी पळपुटा म्हटलं असतं तर?”

“मला कशाला म्हणेल?”

“तू दर पंधरा दिवसांनी येतो म्हणूनच जातोस ना?”

मुलगी कोपऱ्यात होमवर्क करत होती. नऊ वर्षांची, मराठी अक्षर एक वाचता येत नव्हतं. चार वर्षांची असताना तिचीही हीच फसगत झाली होती. बाबा येतो म्हणून गेला की पायात बूट घालून दाराशी बसायची, आणि मी तिला उचलून आत न्यायचे. आता ती मान वर न करता म्हणाली, “दॅट्स सो डंब, आई. येतो मीन्स बाय. एव्हरीबडी नोज दॅट.”

हे तिला कळत होतं. परीक्षेत पहिल्या आलेल्याला कळत नव्हतं. का त्याला कळायचंच नव्हतं? आपला पाय एका शब्दाच्या चुकीनं गेला, हे मान्य करण्यापेक्षा कुणीतरी दगा दिला, हे धरून बसणं त्याला सोपं होतं. मला तेव्हा एवढंच कळलं, आणि त्यानं राग कमी झाला नाही.

पुढच्या खेपेला साहेबानं टेबलावर एक पाकीट ठेवलं. वाद त्याच्याही डोक्यातून गेला नव्हता. “हा तुमचा निष्पाप माणूस,” तो म्हणाला. “लढाई संपल्यावर त्यानं मला पत्र लिहिलं होतं. क्षमा मागत असणार.”

“असणार म्हणजे? तुम्ही वाचलं नाही?”

“मी छापील अक्षर शिकलो, बाई. हे हस्ताक्षर आहे. खाली त्याचं नाव तेवढं वाचता आलं. ते पुरे होतं.”

पन्नास वर्षं त्यानं ते पत्र जपून ठेवलं होतं आणि एकदाही कुणाकडून वाचून घेतलं नव्हतं. कागद घडीवर फाटत आलेला. अक्षर गावच्या मास्तरांचं असावं, टपोरं आणि तिरकं. मी मोठ्यानं वाचलं. ते पत्र मला आजही जवळजवळ पाठ आहे.

“साहेबांचे सेवेशी साष्टांग नमस्कार. साहेब जिवंत आहेत असे पलटणीत कळाले, फार आनंद झाला. पायाचे कसे आहे? मी तीन साल कैदेत होतो. सुटून आलो तर येथे माझी चौकशी झाली. मी पळालो असे साहेबांनी लिहून दिले आहे, असे सांगतात. साहेब, मी आपणांस येतो म्हणून सांगून निघालो होतो. हिंदी लोकांची लॉरी वेगळी होती, संगिनी लावून आम्हांस चढविले. चौकशीत विचारले, येतो म्हणालास काय? मी म्हणालो, होय. त्यांनी तेवढेच लिहून घेतले. गावात लोक तोंडावर बोलत नाहीत, पाठीमागे बोलतात. आपण एक ओळ लिहून द्यावी, की हा पळाला नाही. एवढेच मागणे आहे. पायाची काळजी घ्यावी.”

खाली मास्तरांनी गावाचं नाव, तालुका, जिल्हा सगळं नीट लिहिलं होतं. उत्तर येणार याची खात्री असल्यासारखं.

वाचताना माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली ती फक्त साहेबावर नाही. त्या चौकशीत लिहून घेणारा कारकून तर मराठीच असणार. ‘येतो’ म्हणजे काय हे त्याला ठाऊक नव्हतं? समोर गोरा अधिकारी बसलाय म्हणून त्याच्या तोंडाला कुलूप लागलं असणार. मीही टाइप करा म्हटल्यावर टाइप केलंच होतं.

साहेबानं समुद्राकडे बघितलं. बाहेर तेलाची जहाजं नांगर टाकून उभी होती.

“त्यानं पायाचं विचारलंय?” तो म्हणाला.

“दोनदा.”

“इंटरेस्टिंग,” तो म्हणाला. “व्हेरी इंटरेस्टिंग. हे पुस्तकात घेतलं पाहिजे.”

मला बरं वाटलं. वाटलं, आता लिहील ती ओळ. पत्राची ऑफिसात एक झेरॉक्स काढून घेते म्हटलं तर त्यानं नाही म्हटलं नाही. येताना मी गाडीत ड्रायव्हरशी विनाकारण गप्पा मारल्या.

दहा-बारा दिवसांनी, शुक्रवारी, त्यानं मला दुपारच्या जेवणाला बोलावलं. मुलीला शेजारणीकडे ठेवून मी चांगली साडी नेसून गेले. दोन जहाजांचे कप्तान, त्यांच्या बायका आणि एक बँकेतला साहेब, असे पाहुणे होते. सगळे गोरे. मासे झाले, पुडिंग आलं, आणि साहेबानं चमच्यानं ग्लास वाजवला.

“आता तुम्हाला जगातली सगळ्यात मजेदार भाषा ऐकवतो,” तो म्हणाला. “या भाषेत निघून जाणारा ‘मी येतोय’ म्हणतो, आणि न आलेला ‘मी आलो’ म्हणतो. मी सांगितलं तर तुमचा विश्वास बसणार नाही. बाई, तुम्ही सांगा.”

सगळे माझ्याकडे बघायला लागले. एका कप्तानाची बायको टाळी वाजवून म्हणाली, “ओह डू, डू से इट!” मग तिनं स्वतःच म्हणून बघितलं. येटो, येटो. नवऱ्यानं म्हटलं. बँकेतल्यानं म्हटलं. टेबलभर येटो-येटो झालं आणि पुडिंग खाता खाता सगळे खदखदा हसले. साहेबानं पुढची गोष्ट सांगितली, वाळूतली वाट बघणं आणि लॉरी, पण आता ती विनोदाची झाली होती आणि स्वतःचा मूर्खपणा त्यानं इतका गोड करून सांगितला, की कप्तानाच्या बायकोनं त्याच्या हातावर हात ठेवला.

मी उभी राहिले. खुर्ची मागं पडली ते मला नंतर कळलं.

“त्यांना पत्राचं सांगा,” मी इंग्रजीत म्हटलं. “सांगा ना. त्या माणसानं तुमच्याकडं एक ओळ मागितली होती, ते सांगा. पन्नास वर्षं झाली, तुम्हाला एक ओळ लिहायला वेळ झाला नाही, आणि इथं पुडिंगबरोबर तुम्ही त्याला वाढताय?”

“बाई, आवाज,” तो म्हणाला.

मग माझं इंग्रजी संपलं आणि मराठी सुटलं. मी काय काय बोलले ते सगळं आठवत नाही. “त्यानं तुम्हाला पाठीवर घेतलं होतं, विसरलात?” एवढं नक्की म्हटलं. पाहुणे आपापल्या बशीत बघत होते. साहेबाला माझा शब्द न् शब्द कळत होता, त्याच्या ताठ झालेल्या मानेवरून ते दिसत होतं. स्वयंपाकी आतून आला, त्यानं खुर्ची उचलून सरळ ठेवली आणि मला हळूच दारापर्यंत सोडायला आला.

दुसऱ्या दिवशी मॅनेजर म्हणाला, “मॅडम, एक सॉरी बोल दो. यल्ला, चलो, बात खत्म. ओल्ड मॅन है.” मी सॉरी म्हटलं नाही. उरलेलं टायपिंग दुसऱ्या कुणीतरी केलं. ऑफिसातली माझी नोकरी राहिली, बहुतेक साहेबानंच राहू दिली असावी. त्याचे आभार मानावेत असं मला कधी वाटलं नाही.

दोनेक वर्षांनी एक पार्सल आलं. पुस्तक इंग्लंडात छापून झालं होतं. पहिल्या पानावर छापील अक्षरांसारखं सुंदर, एकेक अक्षर सुटं लिहिलं होतं: “बाईंस, आभारपूर्वक.” मी उभ्या उभ्या ते प्रकरण काढलं. सगळं तसंच होतं. वाट बघणं तसंच, पळाला तसंच. पानाच्या तळाशी बारीक टाइपात एक टीप वाढवलेली. स्थानिक महिलेकडून असं कळतं, की मराठीत हा शब्द निरोपासाठीही वापरतात. या लोभस भाषेच्या अनेक गमतींपैकी ही एक. पत्राचा उल्लेख नव्हता. शिपायाचं नाव मात्र होतं, पूर्ण, गावासकट. म्हणजे तो पळपुटा नेमका कोण, याबद्दल कुणाच्या मनात शंका राहू नये.

मी पुस्तक कचऱ्याच्या पिशवीत टाकलं. मग परत काढलं, पुसलं, आणि त्या शुक्रवारी शिपायाच्या गावच्या शाळेच्या मुख्याध्यापकांच्या पत्त्यावर पत्र लिहिलं. झेरॉक्स पुढ्यात होतीच. अमुक नावाच्या शिपायाच्या घरचं कुणी असेल तर कृपया हे पत्र द्यावं. खाली सगळी हकीकत लिहिली, पुस्तकाचीसुद्धा. माझं मराठी बिघडलेलं होतं, दोनदा खोडलं, तिसऱ्यांदा तसंच पाठवलं.

अडीच महिन्यांनी आमच्या पोस्टाच्या बॉक्समध्ये उत्तर सापडलं. त्याच्या मुलीचं होतं. त्याच शाळेत शिकवून ती निवृत्त झाली होती.

“आबा जाऊन बरीच वर्षं झाली,” तिनं लिहिलं होतं. “लढाईबद्दल ते घरात कधी बोलले नाहीत. चौकशीचं आम्हाला बाहेरून कळलं, तेही कुजबुजत. पण तुमच्या पत्रानं एक गोष्ट उलगडली. आबा घरातून निघताना कधी ‘येतो’ म्हणायचे नाहीत. ‘जातो’ म्हणायचे. शेतावर निघाले तरी जातो, बाजारला निघाले तरी जातो. आई ओरडायची, अभद्र बोलू नका म्हणायची. लग्नाकार्यात नातेवाईक तोंड फिरवायचे. गावातली पोरं ‘जातो आबा’ म्हणून चिडवायची, आणि मीही त्यांच्यात एकदा चिडवलंय. मला वाटायचं, हट्टी आहेत. माझ्या लग्नात मला गाडीत बसवलं, तेव्हाही माझ्या डोक्यावर हात ठेवून म्हणाले, ‘जातो बरं का.’ मी त्यावरून सासरी जाईपर्यंत रडले. का म्हणायचे ते आता कळलं. कळवलंत, बरं केलंत.”

मी ते पत्र घेऊन सरळ बंगल्यावर गेले. अडीच वर्षांत पहिल्यांदाच. साहेब अंथरुणाला खिळला नव्हता, पण खुर्चीतून उठायचा नाही. मी नमस्कार-चमत्कार काही केला नाही. समोर बसले आणि वाचायला लागले, मराठीतच, एका शब्दाचं भाषांतर न करता. परीक्षेत पहिला आला होता ना.

संपल्यावर तो म्हणाला, “पुन्हा.”

मी पुन्हा वाचलं. ‘जातो बरं का’ इथं त्यानं हात वर केला, मी थांबले. त्याचे ओठ हलत होते. मग त्यानं कागद मागितला.

ती ओळ लिहायला त्याला अख्खी सकाळ लागली. तीन कागद फाडले. अक्षर सुटं सुटं, शाळेतल्या मुलासारखं. मध्येच थांबून त्यानं मला विचारलं, “पळाले नव्हते, की पळाले नाहीत? कुठलं बरोबर?”

“व्याकरण राहू द्या, साहेब,” मी म्हटलं. “लिहा.”

शेवटी लिहिलं: “तुमचे वडील पळाले नव्हते. चूक माझी होती.” खाली सही आणि हुद्दा. हुद्दा लिहायला तो विसरला नाही. पाकिटावर परतीचा पत्ता माझ्या पोस्टाच्या बॉक्सचा घातला, कारण आमच्याकडे पत्र घरी येत नाही, बॉक्समधूनच आणावं लागतं आणि त्याला तिथवर जाणं होत नव्हतं.

मी निघताना त्यानं विचारलं, “ती उत्तर देईल?”

“वाट बघा,” मी म्हटलं.

त्यानं बघितली. दर गुरुवारी सकाळी त्याचा फोन यायचा. “बाई, काही आलं?” मी म्हणायचे, नाही. सुरुवातीला टपालाला वेळ लागतो वगैरे तोच बोलायचा. नंतर नुसतं “बरं” म्हणायचा. एकदा गुरुवारी फोन आला तो स्वयंपाक्याचा. साहेब पहाटे गेले. आदल्या संध्याकाळीही त्यांनी टपालाचं विचारलं होतं, असं तो म्हणाला.

उत्तर येणार नव्हतं, हे मला पहिल्या दिवसापासून ठाऊक होतं. साहेबाची ओळ पाकिटात घालताना सोबत मी माझी एक चिठ्ठी घातली होती, त्याला न दाखवता. तिच्यात लिहिलं होतं, “ताई, ही ओळ तुमच्या आबांची आहे, ती ठेवून घ्या. उत्तर देऊ नका.” कधीकधी वाटतं, ही चिठ्ठी घालायला नको होती, म्हातारा माणूस होता, आठ महिने वाट बघत होता. मग मास्तरांच्या टपोऱ्या अक्षरात लिहिलेला तो तालुका आणि जिल्हा आठवतो, आणि तसं वाटायचं थांबतं.